गंगेवर घटकाभर

ह्या पटांगणावर व्याख्यान सुरू होण्याच्या अर्धा-पाऊण तास आधी जे श्रोते येतात, त्यांतले काही जण खुर्च्यांवर बसत नाहीत. ते घाटाच्या पायऱ्यांवर जाऊन बसतात, आणि तेही व्यासपीठाकडे पाठ करून, पाण्याकडे तोंड करून. वक्त्याचा परिचय सुरू झाला म्हणजे उठतात, कपडे झटकतात आणि इकडे येतात. ह्या व्याख्यानमालेला मी कित्येक वर्षे श्रोता म्हणून येत आहे आणि खरे सांगायचे तर मीही त्यांतलाच एक. यंदा बोलायला सांगितले तेव्हा विषयासाठी फार लांब जावे लागले नाही. पाठमोऱ्या बसलेल्या ह्या माणसांविषयीच बोलावे असे ठरविले.

बाहेरगावच्या पाहुण्यांसाठी एक खुलासा केला पाहिजे. नाशिकचा माणूस ‘गोदावरीवर जातो’ असे सहसा म्हणत नाही. तो ‘गंगेवर जाऊन येतो’ असे म्हणतो. ब्रह्मगिरीवर उगम पावून तीसेक किलोमीटर वाहत आलेली ही नदी रामकुंडाशी दक्षिणेला वळते. त्या वळणाच्या आसपास, अहिल्यादेवी होळकर पुलापासून गाडगे महाराज पुलाच्या पुढपर्यंत जे घाट, कुंडे, पटांगणे आणि देवळे आहेत, त्या सगळ्यांना मिळून आपण ‘गंगा’ म्हणतो. बुधवारची भाजी गंगेवर, अस्थी गंगेवर, आणि निकालाच्या दिवशी मुलगा घरी आला नाही तर ‘आधी गंगेवर बघून ये’ असे सांगणारे बापही गंगेच्याच गावचे. ह्या शब्दाची खुबी अशी की ‘गंगेवर जाऊन येतो’ म्हटल्यावर ‘कशाला?’ असे कोणी विचारीत नाही. पुरुषाला विचारीत नाही, असे म्हणायला हवे. बाईची गोष्ट निराळी आहे. तिच्याकडे पुढे येईन.

मी कामगार संघटनेचा माणूस. पगार, बोनस, बडतर्फी ह्यांवर बोलण्याची जिभेला सवय. नदीकाठची शांतता हा कवींचा प्रांत, तेथे ह्याचे काय काम, असे कोणाच्या मनात येईल. पण इतकी वर्षे ह्या पायऱ्यांवर बसून मला असे दिसत आले आहे की शांततेलाही हिशेब असतो. माणूस घटकाभर पाण्यापाशी बसतो, त्यासाठी त्याच्या गाठीला थोडा मोकळा वेळ असावा लागतो. जेथून कोणी उठवणार नाही अशी जागा असावी लागते. आणि नाकाला रुमाल न लावता जवळ बसता येईल असे पाणी असावे लागते. ह्यांतली एकही गोष्ट आकाशातून पडलेली नाही. कोणीतरी ती मागितली, कोणीतरी ती दिली नाही, मग भांडण झाले, आणि काही पिढ्यांनंतर आपण त्या पायरीवर जाऊन निवांत बसतो.

घाटाला स्वतःचे एक वेळापत्रक आहे. बुधवारी उजाडण्याच्या आत गिरणारे, मखमलाबाद, मातोरी ह्या बाजूचे टेम्पो येऊन लागतात. मेथीच्या, कोथिंबिरीच्या जुड्या उतरतात, पथाऱ्या मांडल्या जातात. त्यानंतर आणि पहिले गिऱ्हाईक येण्याच्या आधी दहा-पंधरा मिनिटांचा एक वेळ असा असतो की सगळा माल मांडून झालेला आहे आणि विकायला कोणी नाही. तेवढ्यात त्या बाया चहाचा कप हातात घेऊन गप्प बसलेल्या असतात. भाव काय मिळेल ह्याची चिंता त्या गप्प बसण्यात असतेच. पण हात रिकामे असतात. रात्री माल खुडणे, निवडणे, बांधणे ह्यानंतर हात रिकामे असण्याची ती पहिली वेळ. दिवस वर आला की यात्रेकरू, गुरुजी, फुलवाल्या, आणि दोरीला लोहचुंबक बांधून रामकुंडातली नाणी काढणारी पोरे. (एक-दोन रुपयांची पोलादी नाणी चुंबकाला लागतात, दहाचे लागत नाही, त्यासाठी बुडी मारावी लागते. हे अर्थशास्त्र मला त्या पोरांनीच शिकविले.) दुपारी एक ते तीन घाट जवळजवळ ओस असतो. नारोशंकराच्या देवळाच्या सावलीला हातगाडीवाले आडवे होतात. वर टांगलेली ती मोठी पोर्तुगीज घंटा वसईच्या विजयानंतर येथे आली असे सांगतात. खाली झोपलेल्या माणसाच्या दृष्टीने तिचा सर्वांत मोठा गुण हा की ती वाजत नाही. आणि साडेतीन-चारनंतर सातपूर-अंबडची पहिली पाळी सुटते, तेव्हा डबा अडकविलेल्या दुचाक्या पुलाशी उभ्या राहू लागतात.

ह्या पहिल्या पाळीच्या लोकांचे मला फार वर्षे कोडे होते. सकाळी सातला कामावर गेलेला माणूस तीनला सुटल्यावर सरळ घरी का जात नाही? वाकडी वाट करून येथे का येतो, आणि आल्यावर अर्धा तास कोणाशी एक शब्दही का बोलत नाही? उत्तर मला भांडी बाजाराकडच्या एका वृद्ध तांबटाने दिले. तांब्याची घागर ठोकून ठोकून घडविणाऱ्याच्या कानाशी दिवसभर हातोडा चाललेला असतो. ते म्हणाले, “दुकान बंद केलं तरी कानातला हातोडा बंद होत नाही. इथं येऊन बसलं की होतो. पण लगेच नाही हं, घटकाभरानं.” मी नंतर ह्याविषयी वाचले, तेव्हा लक्षात आले की म्हातारबोवांनी शरीरशास्त्र सांगितले होते. मोठ्या आवाजात तासन्‌तास राहिलेला कान काही काळ मंद होतो, त्यात गुणगुण राहते. आवाजातून बाहेर पडल्यावर तो हळूहळू पूर्ववत होतो. ही उसंत रोज अपुरी पडली तर पुढे तो पूर्ववत होणेच थांबते. म्हणूनच कारखान्यांच्या नियमांत आवाजाची मर्यादा वेळाशी जोडलेली असते: ९० डेसिबलच्या आवाजात आठ तास, ९५ च्या आवाजात चार तास, १०० च्या आवाजात दोनच तास. आवाज वाढला की वेळ कमी. प्रेस शॉपमध्ये पत्रा ठोकणारा आपला कामगार घरी गेला की बायको म्हणते, “ओरडून का बोलता?” तो ओरडत नसतो, त्याला स्वतःचा आवाज कमी ऐकू येत असतो. तो घरी जाण्यापूर्वी अर्धा तास गंगेवर बसतो तो काही मौज म्हणून नव्हे. तो घरी बोलण्याजोगा होऊन जातो.

आता वेळाकडे येऊ. हा तीनचा भोंगा फार जुना नाही. मुंबईच्या गिरण्यांत सुरुवातीला उजेड असेतो काम, हा नियम होता; दिवस जेवढा मोठा तेवढी पाळी मोठी. आठवड्याची सुट्टी नव्हती. जोतीरावांच्या सत्यशोधक परंपरेतले नारायण मेघाजी लोखंडे ह्यांनी ‘दीनबंधु’ पत्रातून आणि सभांतून हा प्रश्न लावून धरला. २४ एप्रिल १८९० रोजी महालक्ष्मीच्या मैदानावर गिरणी कामगारांची जी प्रचंड सभा झाली तिच्यात दोन कामगार स्त्रियाही बोलल्या, ही गोष्ट मला त्या सभेच्या आकड्याहून मोठी वाटते. १० जून १८९० रोजी गिरणीमालकांनी रविवारची सुट्टी मान्य केली. आपण रविवार इतका गृहीत धरतो की तो कोणी मिळविलेला आहे हे सांगितले तर तरुण मुले हसतात. पुढे तासांची मर्यादा कायद्याने हळूहळू खाली आली. १९२२ मध्ये आठवड्याला ६० तास, १९३४ मध्ये बारमाही कारखान्यांसाठी ५४, १९४६ मध्ये ४८. १९४८ च्या कारखाना कायद्याने पाच तासांच्या कामानंतर निदान अर्ध्या तासाची विश्रांती बांधून दिली. साठाचे अठ्ठेचाळीस व्हायला चोवीस वर्षे लागली. म्हणजे सरासरी दोन वर्षांना आठवड्याचा एक तास! आपल्या पायऱ्यांवरची संध्याकाळ अशी तासातासाने जमलेली आहे.

हे जुने पुराण आज काढण्याचे कारण आहे. सप्टेंबर २०२५ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने कारखान्यांतील दिवसाच्या कामाची मर्यादा नऊ तासांवरून बारा तासांपर्यंत नेण्यास संमती दिली, आणि २१ नोव्हेंबर २०२५ पासून जुन्या कारखाना कायद्याची जागा देशभर नव्या संहितेने घेतली. बाजू घेणारे म्हणतात, आठवड्याचे तास तर ४८ च राहिले. चार दिवस बारा-बारा तास करा आणि तीन दिवस खुशाल नदीवर बसा. कागदावर हिशेब बिनचूक आहे आणि काही तरुण कामगारांना तो आवडतोही, हे मी नाकारीत नाही. गावाकडे शेती असलेल्याला सलग तीन दिवस मिळाले तर हवेच आहेत. पण विसावा हा साठवून ठेवता येण्याजोगा माल नव्हे. सोमवारी न घेतलेली झोप शुक्रवारी दुप्पट घेऊन भरून निघत नाही, आणि तांबटबाबांचा कान रोज संध्याकाळी घटकाभर मागत होता, महिन्याअखेरीस एकदम नव्हे. बारा तासांची पाळी, त्यात जाण्यायेण्याचा दीड तास धरला की पहिल्या पाळीची संध्याकाळ संपली. चारनंतर पुलाशी ज्या दुचाक्या थांबतात त्यांची संख्या पुढच्या दोन-चार वर्षांत किती राहते ते पाहावे. सरकारी आकड्यांपेक्षा माझा त्या मोजणीवर अधिक विश्वास आहे.

मात्र पायरीवर गप्प बसलेला प्रत्येक माणूस विसावा घेत असतो, असे समजण्याची चूक मी एकदा केली. वीस-बावीस वर्षांपूर्वीची गोष्ट. सकाळी दहाच्या सुमारास सलग तीन-चार दिवस मला एक ओळखीचा कामगार गांधी तलावाच्या बाजूला बसलेला दिसला. इस्त्रीचा शर्ट, बाजूला जेवणाचा डबा. मला वाटले रात्रपाळी असेल. पाचव्या दिवशी मी मोठ्या उत्साहाने जवळ जाऊन म्हटले, “काय राव, चैन आहे!” तो हसला. मग म्हणाला, “दादा, कारखाना मागल्या महिन्यात बंद झाला. घरी अजून सांगितलं नाही. सकाळी डबा भरून मिळतो, तो घेऊन निघतो.” बारा वाजता तो डबा उघडीत असे, कारण कारखान्यात जेवणाची सुट्टी बाराला होत असे. चार वाजता उठून घरी जाई. पाण्याकडे तो दिवसभर पाहत असे. पण ते पाहणे आणि पहिल्या पाळीच्या माणसाचे पाहणे ह्यांत जमीन-अस्मानाचे अंतर होते. आपल्या भाषेने हे अंतर नीट ओळखले आहे. एकाला आपण ‘निवांत’ म्हणतो, दुसऱ्याला ‘रिकामा’. निवांत माणसाच्या मागे काम असते आणि पुढेही काम असते, मधली घटका त्याची असते. रिकाम्या माणसाला सगळा दिवस मिळतो आणि त्यातली एकही घटका त्याची नसते. त्या दिवशी मी संघटनेचा कार्यकर्ता म्हणून पुष्कळ बोलू शकलो असतो. मला काहीच सुचले नाही. त्याने अर्धी पोळी माझ्या हातावर ठेवली, ती खाल्ली आणि बसून राहिलो. संध्याकाळी त्याच्याबरोबर त्याच्या घरी गेलो. सांगण्याचे काम त्यानेच केले. मी नुसता बरोबर होतो.

आता बायांकडे वळतो. कारण ह्या विषयात सर्वांत जास्त मी त्यांच्याकडून शिकलो आणि सर्वांत उशिरा शिकलो. विडी कामगार बायांच्या एका वस्तीत आमचे काम होते. विडीचे काम ज्यांनी पाहिले नसेल त्यांना सांगतो. ठेकेदाराकडून पाने, तंबाखू, सूत मोजून मिळते. रात्री पाने भिजत घालायची, सकाळी पत्र्याचा फर्मा ठेवून कात्रीने कापायची, मांडीवर सूप घेऊन वळत बसायचे. मजुरी हजारावर, आणि तपासणीत जी छाट निघेल ती पदरात. १९६६ च्या विडी-सिगार कामगार कायद्याने ह्या धंद्याला पुष्कळ काही दिले. पण घरी विड्या वळणाऱ्या बाईच्या हजाराच्या मजुरीला भोंगा कोण वाजविणार? चुलीपाशी भात शिजतो तेवढ्यात दोन जुड्या होतात. तिची पाळी सुरू होत नाही, कारण ती संपतच नाही.

त्या वस्तीला नळ नव्हता. बाया धुणे घेऊन नदीवर जात. डोक्यावर ओले पिळे घेऊन चढ चढत येणाऱ्या बाया पाहिल्या की मला संताप येई. आम्ही अर्ज केले, मोर्चा नेला, दोन वर्षे पाठपुरावा केला आणि वस्तीत नळ आला. नारळ फुटला, पेढे वाटले गेले. ह्या यशाचा मला अभिमान होता आणि आजही आहे. पुढे तीन-चार महिन्यांनी सकाळी गंगेवर गेलो तर त्याच वस्तीतल्या एक मावशी घाटावर धुणे धूत बसलेल्या. बादलीत कपडे तरी किती? एक टॉवेल आणि एक परकर. माझा चेहरा पडला असावा. मी विचारले, “मावशी, नळाला पाणी येत नाही का?”

“येतंय की भाऊ, चांगलं येतंय. सगळं धुणं नळावरच करते. एवढे दोनच आणते.”

“मग दोनासाठी एवढ्या लांब?”

त्या टॉवेल खळबळत राहिल्या. म्हणाल्या, “नुसतं बसायला गेले म्हणून कसं सांगू घरात?”

ह्या एका वाक्यासाठी मला संघटनेतली दहा वर्षे लागली. ‘गंगेवर जाऊन येतो’ एवढे म्हणून घराबाहेर पडणाऱ्या माझ्यासारख्याला, बाईला बसायला कारण लागते ही गोष्टच ठाऊक नव्हती. धुणे हे कष्टाचे काम होते, ते गेले हे चांगलेच झाले. त्या मावशींनाही ते पुन्हा नको होते. पण त्या कष्टाच्या पदराआड एक तास लपविलेला होता. कपडे दगडावर वाळत टाकायचे आणि वाळेपर्यंत पाय पाण्यात सोडून बसायचे, शेजारणीपाशी सुनेचे, नवऱ्याचे, ठेकेदाराचे जे बोलायचे ते बोलायचे, किंवा काहीच बोलायचे नाही. आम्ही ओझे उतरविले तेव्हा त्याबरोबर तो तासही उतरला, आणि त्याची नोंद आमच्या कोणत्याही मागणीपत्रात नव्हती. त्यानंतर वस्तीच्या मागण्यांत मी एक ओळ घालू लागलो: बायांना बसण्यासाठी कट्टा, पाण्याच्या बाजूला तोंड असलेला. सभेत पुरुष हसत. बाया हसत नसत.

जागेचेही असेच आहे. पायरीवर कोणीही बसावे ही आज आपल्याला साधी गोष्ट वाटते. २ मार्च १९३० रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली काळाराम मंदिराचा सत्याग्रह सुरू झाला. भाऊराव, म्हणजेच आपले दादासाहेब गायकवाड, त्याचे येथले खंदे कार्यकर्ते. मंदिराचे दरवाजे बंद होते, म्हणून हजारोंची ती मिरवणूक तेथून गोदावरीच्या घाटावर आली आणि तेथे तिची सभा झाली. देवळाचा इतिहास सांगताना ह्या सभेचा उल्लेख एका वाक्यात उरकला जातो. मला मात्र त्या संध्याकाळचा घाट डोळ्यांपुढे येतो. सत्याग्रह पुढे काही वर्षे चालला, दगड आणि काठ्या खाऊन चालला. आज संध्याकाळी पायरीवर मांडीला मांडी लावून बसलेले चौघे एकमेकांना जात विचारीत नाहीत. त्यांच्या त्या न विचारण्यामागे ते दगड आणि त्या काठ्या आहेत. जागेवरची आजची टाच निराळ्या तऱ्हेची आहे. चार पायऱ्यांवर फुलांची दुकाने, दोन पायऱ्यांवर गाड्या, आणि उरलेल्या ठिकाणी सुशोभनाचे कठडे. कठडा दिसायला छान असतो, पण त्यावर बसता येत नाही आणि त्यापलीकडे जाता येत नाही.

शेवटी पाणी. ह्या बाबतीत मला दुसऱ्यांकडे बोट दाखविण्याचा अधिकार कमी आहे. गंगापूरचे धरण झाल्यापासून उन्हाळ्यात नदीला पाणी किती हे वरून किती सोडतात त्यावर ठरते. जे वाहते त्यात शहराचे सांडपाणी मिसळते, नासर्डी आणि वाघाडी आपापली भर घालतात, आणि वाहणे मंदावले की पानवेली पात्र झाकून टाकतात. कुंडांचे तळ सिमेंटने बांधल्यामुळे खालचे झरे दबले, ते मोकळे करा, असे सांगणारे लोक ह्या गावात वर्षानुवर्षे सांगत आहेत. उच्च न्यायालयापर्यंतही नदीचे गाऱ्हाणे गेले आहे. हे झाले इतरांचे. आमचे असे की, एका कारखान्याचे रंगीत पाणी रात्रीच्या पाळीत नासर्डीच्या नाल्यात सोडले जात असे हे तेथल्या कामगारांना ठाऊक होते, आणि त्यांच्यामुळे मला. झडप फिरविणारा हात आमच्याच सभासदाचा होता. आम्ही बोललो नाही. बोललो तर कारखाना बंद होईल, आणि बंद कारखान्याचा माणूस डबा घेऊन कोठे बसतो ते मी पाहिले होते. ही अडचण खोटी नव्हती. पण अशाच पाण्याच्या वासाने आमचाच पहिल्या पाळीचा माणूस पायरीवरून दोन पायऱ्या वर सरकत गेला, हेही खोटे नाही. पगाराच्या मागणीपत्रात सांडपाण्याच्या शुद्धीकरणाचे कलम घालायला आम्ही फार उशिरा शिकलो. मालक म्हणाले, हे तुमचे काम नव्हे. आमचे काही सभासदही तेच म्हणाले.

नदी मात्र पावसाळ्यात आपला हिशेब स्वतः मांडते. दुतोंड्या मारुतीच्या कमरेला पाणी लागले, छातीला लागले, गळ्याला लागले, अशी मोजणी सुरू झाली की सगळे गाव पुलावर लोटते. १९६९ चा पूर वडीलधाऱ्यांच्या तोंडून ऐकला. २००८, २०१६ आणि २०१९ चे डोळ्यांनी पाहिले. पूर ओसरल्यावर घाटावर जो चिखल उरतो तो काढणारे महापालिकेचे सफाई कामगार असतात, आणि त्यांचा मोठा भाग रोजंदारीवर. गाडगे महाराजांनी ज्या गावात धर्मशाळा बांधली त्या गावात खराट्याला मान असावा अशी माझी अपेक्षा आहे. पायऱ्या धुऊन झाल्या की हे लोक सर्वांत खालच्या पायरीवर बसतात. त्यांनीच मोकळी केलेली पायरी, आणि तिच्यावर सर्वांत आधी बसण्याचा मान त्यांना मिळतो तो केवळ दुसरे कोणी अजून आलेले नसते म्हणून.

२०२७ च्या कुंभमेळ्यासाठी सध्या नदीकाठी कामे चालू आहेत. परवा दुपारी मी एका नव्या घाटाच्या कामावर गेलो होतो. मजूर बहुतेक बाहेरचे. काही मराठवाड्यातले, काही त्याहून दूरचे. जेवणाची वेळ होती. एक बाई भाकरी खाऊन, हात धुऊन, नुकत्याच बसविलेल्या दगडावर बसली होती. पायांना सिमेंट लागलेले, पाय पाण्यात, पोर मांडीवर झोपलेले. मी सवयीने विचारले, “बाई, सुट्टी किती असते?”

तिने पाण्यावरची नजर न काढता सांगितले, “मुकादम हाक मारीपर्यंत.”

मी घड्याळ लावून बसलो. अकरा मिनिटांनी हाक आली.